अलकेचे हवामान

१

काव्यातील हवामान हा समीक्षेच्या पंगतीला बसवण्याजोगा विषय आहे, असे आपल्याकडे सहसा मानले जात नाही. ऊन, पाऊस, थंडी ही प्रसंगाची पार्श्वभूमी समजली जाते आणि ‘निसर्गवर्णन सुरेख साधले आहे’ एवढे प्रशस्तिपत्र देऊन टीकाकार पुढे सरकतो. परंतु कवी जेव्हा स्वतःच्या कल्पनेने एखादे नगर वसवतो, तेव्हा गोष्ट वेगळी होते. खऱ्या गावात पाऊस कधी पडावा हे कवीच्या हाती नसते. कल्पित नगरात ते सर्वस्वी त्याच्याच हाती असते. म्हणून कल्पित नगराचे हवामान ही केवळ शोभा नव्हे; सुख म्हणजे काय याविषयीचे ते कवीचे, किंवा कवीने ज्याच्या तोंडी ते वर्णन घातले त्या पात्राचे, मतच होय.

अशा नगरांत कालिदासाची अलका ही भारतीय रसिकांच्या सर्वांत परिचयाची. मेघदूत हे शंभर-सव्वाशे श्लोकांचे लहानसे काव्य. त्याचा पूर्वार्ध वाटेचा आणि उत्तरार्ध मुक्कामाचा. त्या मुक्कामाचे हवामान इतके चमत्कारिक आहे की, ते कवीने का कल्पिले असावे, हा प्रश्न स्वतंत्रपणे विचारण्यासारखा आहे.

या अंकाच्या वाचकांपुढे तो ठेवण्यास आणखी एक कारण आहे. मेघदूताचा नायक राजा नाही, ऋषी नाही, योद्धाही नाही; तो कुबेराच्या पदरी असलेला एक सेवक आहे. कामात कसूर झाली, एवढाच त्याचा अपराध कवी नोंदवतो. तपशील सांगत नाही. शिक्षा मात्र पूर्ण सांगतो : एक वर्ष मुदतीची, स्वगृहापासून दूरची नेमणूक, सर्व अधिकार व सिद्धी खालसा, आणि कुटुंब सोबत नेण्यास परवानगी नाही. शासकीय भाषेशी ज्यांचा रोजचा संबंध आहे त्यांना हा हुकूम वाचताना काही फारसे अपरिचित वाटणार नाही. या काव्याचे मराठी पद्यांतर करणाऱ्यांत चिंतामणराव देशमुख होते, ही गोष्टही आम्हांस केवळ योगायोगाची वाटत नाही. आयसीएसमधील अधिकारी, १९४३ मध्ये रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर आणि पुढे १९५० ते १९५६ केंद्रीय अर्थमंत्री झालेल्या या गृहस्थास यक्षाची व्यथा संस्कृत पंडिताइतकीच सेवकाच्या नात्यानेही कळली असली पाहिजे.

२

आता अलकेचे हवामान प्रत्यक्ष पाहू. तेथील स्त्रियांचे शृंगार ज्या श्लोकात वर्णिले आहेत तो अनेकांस पाठ असेल. हातात कमळ आहे. केसांत कुंदाच्या कळ्या गुंफल्या आहेत. मुखावर लोध्राच्या परागांची गौर छटा आहे. अंबाड्यात कुरबक, कानावर शिरीष आणि भांगात नीप, म्हणजे कदंबाचे फूल आहे. वरवर पाहता ही अलंकारांची यादी. परंतु फुले ओळखणाऱ्याच्या लक्षात लगेच येते की, कमळ शरदाचे, कुंद हेमंताचा, लोध्र शिशिराचा, कुरबक वसंताचा, शिरीष ग्रीष्माचा आणि कदंब वर्षेचा. एका स्त्रीच्या मस्तकावर आणि हातात सबंध वर्ष एका वेळी फुललेले आहे. कवी ‘येथे सहा ऋतू एकत्र नांदतात’ असे वाक्य लिहीत नाही. तो फुलांची नावे घेतो आणि पंचांग आपण लावायचे.

भाषांतरकाराची खरी परीक्षा येथेच होते. १८६५ च्या ‘पद्यरत्नावली’तील कृष्णशास्त्री चिपळूणकरांच्या भाषांतरापासून चिंतामणराव, कुसुमाग्रज, बा. भ. बोरकर, शांता शेळके यांच्यापर्यंत अनेक मराठी हात या श्लोकावरून फिरले. मराठी वाचकास कमळ, कुंद, शिरीष, कदंब परके नाहीत. पण लोध्र आणि कुरबक ही नावे ऐकून किती जणांस ऋतू आठवेल? कुरबकाची कोरांटी केली तर ती घरची होते, पण तिच्याबरोबर वसंत येतोच असे नाही. नावे तशीच ठेवावीत तर पंचांग हरवते, बदलावीत तर फूल हरवते. हा श्लोक भाषांतरात केवळ ‘सुंदर स्त्रिया’ एवढाच उरला, तर अलकेचे सगळे हवामानच गळून पडले म्हणावयाचे.

रात्रीचा प्रकार आणखी वेगळा. अलकेबाहेरच्या उद्यानात शिवाची वस्ती आहे आणि त्याच्या मस्तकावरील चंद्रकोरीने नगरीचे वाडे धुऊन निघतात. म्हणजे अंधाराचा पंधरवडा तेथे नाहीच. मध्यरात्री चंद्रकांत मणी पाझरतात. मेघ येतात ते पाऊस पाडावयास नव्हे. वाऱ्याबरोबर ते उंच वाड्यांच्या वरच्या मजल्यांत शिरतात, भिंतींवरील चित्रे ओल्या थेंबांनी बिघडवतात आणि चोरी उघडकीस येईल या भयाने जाळ्यांतून धुराच्या रूपाने निसटतात. पाऊस येथे शेतकऱ्याचा दाता नाही, उपद्रवी पाहुणा आहे. वस्त्र, मद्य, फुले, आभूषणे, पायांचा रंग हे सारे एकटा कल्पवृक्षच पुरवतो. तेव्हा पावसाची गरज तरी कोणाला?

येथील झाडे नित्य फुललेली, रात्री नित्य चांदण्याच्या, अश्रू केवळ आनंदाचे आणि वय केवळ तारुण्याचे, असे सांगणारे दोन श्लोकही अनेक प्रतींत आढळतात. काही अभ्यासक ते प्रक्षिप्त मानतात. आमचे विवेचन त्यांवर अवलंबून नाही. ते मागाहून कोणी घातले असतील, तर त्यावरून इतकेच दिसते की, कालिदासाने सूचित केलेले हवामान एखाद्या वाचकास इतके आवडले की, त्याने ते ठळक अक्षरांत पुन्हा लिहून काढले. पण कालिदासाने ते ठळक केले नव्हते. का केले नव्हते, हे पुढे दिसेल.

३

सर्व ऋतू एकत्र असलेली भूमी ही कालिदासाची एकट्याची कल्पना नव्हे. रामायणाच्या किष्किंधाकांडात सुग्रीव उत्तरेकडे निघालेल्या वानरांना उत्तरकुरूंचे वर्णन सांगतो. तेथील झाडे नित्य फळाफुलांनी लगडलेली असतात आणि वस्त्रे व अलंकारही झाडांनाच येतात. अलकेचा कल्पवृक्ष त्याच बीजाचा. कष्ट नको, ऋतू नको, वार्धक्य नको, ही मनुष्यजातीची जुनी इच्छा आहे. निरनिराळ्या लोकांनी तिला निरनिराळी नावे दिली, एवढेच.

परंतु रामायणात अशीच एक दुसरी जागा आहे, आणि आमच्या मते कालिदासाचे लक्ष उत्तरकुरूंपेक्षा तिकडे अधिक होते. ती जागा म्हणजे रावणाची अशोकवनिका. सुंदरकांडात हनुमान तेथे शिरतो तेव्हा सर्व ऋतूंच्या फुलांनी बहरलेले वन त्याच्या दृष्टीस पडते. त्या बारमाही वसंतात एका झाडाखाली सीता बसलेली आहे, आणि तिचे वर्णन करताना वाल्मीकी उपमा देतो ती हिमाने मारलेल्या कमळवेलीची व जोडीदारापासून तुटलेल्या चक्रवाकीची. ज्या उद्यानात हिवाळा नाही तेथे हिमाचा तडाखा बसलेली ही एकच वस्तू.

मेघदूताची कल्पना हनुमंताच्या दूतकर्मावरून सुचली, असे मल्लिनाथाने म्हटले आहे, आणि यक्ष स्वतःही आपल्या पत्नीच्या संदर्भात मारुती व मैथिली यांचा उल्लेख करतो. पण कालिदासाने वाल्मीकीकडून केवळ निरोप्याची कल्पना उचलली नाही, हवामानही उचलले. यक्ष मेघाला आपल्या पत्नीची ओळख सांगतो तेव्हा म्हणतो, ती आता शिशिराने कुस्करलेल्या कमळवेलीसारखी झाली असेल. आणि त्याच श्लोकात एकट्या चक्रवाकीचीही उपमा येते. दोन्ही उपमा जोडीने आल्या आहेत. सर्वऋतुमय स्थान आणि त्यात एकटीच थंडीने गारठलेली स्त्री हा सबंध आराखडाच कालिदासाने सुंदरकांडातून आणला आहे. फरक एवढाच की, वाल्मीकीचे उद्यान शत्रूचे होते. कालिदासाने ते स्वतःच्या घरचे केले.

४

हा फरक लहान नाही. सीतेस अशोकवनिका नकोशी होती, यात नवल काही नाही; ती कैद होती. यक्षपत्नी मात्र आपल्याच नगरीत, आपल्याच घरी आहे. मग तिला हिम कोठून लागले? याचे उत्तर शोधण्यास उत्तरमेघ सोडून थोडे पूर्वमेघाकडे यावे लागते.

यक्षाची नेमणूक रामगिरीवर झाली. हा रामगिरी म्हणजे नागपूरजवळचे रामटेक, असे महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी साधार प्रतिपादिले. मल्लिनाथ त्यास चित्रकूट समजतो, कोणी सरगुज्यातील रामगड पुढे करतात. तथापि मराठी वाचकाने रामटेक धरून चालावे, यास आधार पुरेसा आहे. दुसऱ्या चंद्रगुप्ताची कन्या प्रभावतीगुप्ता ही वाकाटकांची राणी. तिची राजधानी नंदिवर्धन म्हणजे रामटेकच्या पायथ्याजवळचे नगरधन, आणि तिच्या ऋद्धपूर ताम्रपटात रामगिरीच्या स्वामींचा उल्लेख आहे. मराठी भूमीत बदलून आलेला हा परदेशी सेवक, अशा दृष्टीने आपण यक्षाकडे क्वचितच पाहतो. आपण नेहमी त्याच्या जागी स्वतःस बसवतो; वस्तुतः त्याच्या लेखी आपलाच प्रांत परमुलूख होता.

या परमुलखात त्याला काय मिळाले? शापाची मुदत विष्णू शेषशय्येवरून उठतो तेव्हा, म्हणजे कार्तिकातील प्रबोधिनी एकादशीस संपते. मुदत एका वर्षाची, म्हणजे शाप मागील कार्तिकात लागला. आषाढात मेघ दिसला तेव्हा चार महिने उरले होते. (हा मेघ आषाढाच्या ‘प्रथम’ दिवशी दिसला की ‘प्रशम’ म्हणजे अखेरच्या दिवशी, यावर टीकाकारांत जुना वाद आहे. या काव्यात तिथीचा हिशेब किती बारकाईने पाहावा लागतो, हे त्या वादावरूनच कळते.) तेव्हा यक्षाने रामगिरीवर शरदाची अखेर, हेमंत, शिशिर, वसंत आणि ग्रीष्म एकामागून एक काढले, वर्षा आता दाराशी आहे आणि सुटका व्हावयाची ती पुन्हा शरदात. अलकेत जन्म काढलेल्या या पुरुषाने सहा ऋतूंची एक फेरी क्रमाने अनुभवली ती प्रथम रामगिरीवर. ऋतू त्याला बदलीने शिकवले.

पूर्वमेघ वाचताना हे शिक्षण पदोपदी दिसते. मेघाला वाट सांगणारा हा मनुष्य कल्पनाविलासी नाही. त्याची नजर पाटबंधाऱ्याच्या ओव्हरसियरसारखी नेमकी आहे. माळाची जमीन नुकतीच नांगरली आहे आणि तिला वास सुटला आहे. पीक मेघाच्या हाती आहे, म्हणून खेड्यातल्या बायका त्याच्याकडे जिव्हाळ्याने पाहतात. आम्रकूटावर वणवा पेटला आहे, तो मेघाने विझवावयाचा आहे. पिकलेल्या रानआंब्यांनी त्या पर्वताचे उतार पिवळे झाले आहेत. जळलेल्या रानातील पहिल्या सरीच्या मातीचा वास हरणे हुंगतात. दशार्ण देशात कुंपणांची केतकी उमलून पांढरी दिसते, गावच्या झाडांवर कावळ्यांची घरटी बांधण्याची गडबड आहे, जांभळे पिकून रानाच्या कडा काळ्या पडल्या आहेत आणि हंस तेथे थोडेच दिवस थांबणार आहेत. उन्हाळ्याने रोडावलेली नदी वेणीसारखी बारीक झाली असून काठच्या झाडांच्या गळलेल्या पानांनी फिकट दिसते. फुले वेचता वेचता घामाघूम झालेल्या माळिणींच्या कानांतली कमळे कोमेजली आहेत. मेघाने त्यांच्यावर क्षणभर सावली धरावी.

यातील प्रत्येक गोष्टीस वेळ आहे. जांभूळ आज पिकले आहे, महिन्याने नसेल. हंस आज आहेत, परवा निघतील. नदी आज बारीक आहे, मेघ आला की भरेल. पूर्वमेघाचे सौंदर्य हे ‘अजून’ आणि ‘आता’ यांचे सौंदर्य आहे. ज्याने कधी काही संपताना पाहिले नाही, त्याच्या डोळ्यांस हे दिसले नसते.

५

आता पुन्हा अलकेत जाऊ. पण नगरीत न फिरता यक्षाच्या घरातच जाऊ. कवीही तेच करतो, आणि तेथे पाऊल टाकताच हवामान बदलते.

अंगणात पाचूच्या पायऱ्यांची एक पुष्करिणी आहे. तिच्यातील हंस मेघाला पाहूनही जवळच्या मानससरोवराकडे जात नाहीत. वाचकांनी येथे क्षणभर थांबावे. पूर्वमेघात मेघगर्जना होताच हंस कमळाच्या देठांची शिदोरी चोचीत धरून मानसाकडे निघतात, हे कवीने आरंभीच सांगितले आहे. अलकेतील हंसांना ती हाक ऐकू येत नाही. त्यांना दुःख नाही, म्हणून त्यांना जाणेही नाही. यक्ष हे घराच्या सुबत्तेचे लक्षण म्हणून सांगतो. परंतु आठ महिने प्रवासाची आस धरून बसलेल्या माणसाच्या तोंडी हे वाक्य ऐकताना मनात वेगळाच विचार येतो. ज्या पक्ष्यास ऋतू कळेनासा झाला, तो सुखी म्हणावा की आंधळा?

त्याच अंगणात एक तांबडा अशोक आणि एक बकुळ आहे. अशोकास तिच्या डाव्या पायाचा स्पर्श हवा आहे आणि बकुळीस तिच्या मुखातील मद्याची चूळ. हा कविसंकेत आहे हे खरे. पण जागा पाहावी. ज्या नगरीत झाडे आपोआप बारमाही फुलतात तेथे याच अंगणातली दोन झाडे मनुष्याची वाट पाहत आहेत. आणि ज्या पावलाने ती फुलावयाची, ते पाऊल सध्या अंथरुणावर आहे.

मग ती दिसते. ती शिशिराने कुस्करलेल्या कमळवेलीसारखी आहे, हे वर आलेच. ती ढगाळ दिवशीच्या स्थलकमलिनीसारखी आहे, धड उमललेली नाही, धड मिटलेली नाही. आणि अंथरुणाच्या एका कडेस पडलेली ती पूर्व क्षितिजावरच्या, एकच कला उरलेल्या चंद्रासारखी आहे. ज्या नगरीत शिशिर नाही, तेथे तिच्यावर शिशिर आला आहे. ज्या नगरीत ढगाळ दिवसाला अर्थ नाही, तेथे तिच्यापुरता दिवस ढगाळ आहे. आणि जेथे शिवाच्या मस्तकामुळे अंधारी रात्रच होत नाही, तेथे ती वद्य चतुर्दशीची कोर आहे. अलकेच्या हवामानाची प्रत्येक घटना त्या एका घरात नेमकी उलटली आहे.

या उपमा अलंकारशास्त्राच्या साच्यातून निघालेल्या आहेत, त्यांवर एवढा भार टाकू नये, असे कोणी म्हणेल. विरहिणीस हिमाने मारलेले कमळ म्हणणे हा रूढ प्रकार आहे हे आम्हांस मान्य आहे. पण कवीचे कौशल्य साचा नवा असण्यात नसते, तो कोठे ठेवला यात असते. उज्जयिनीतील विरहिणीस ही उपमा दिली असती, तर ती रूढ ठरली असती. जेथे शिशिर पडूच शकत नाही, तेथे ती देणे ही निवड आहे. आणि एकापाठोपाठ तीन उपमांत तीच निवड दिसते तेव्हा तिला योगायोग म्हणणे कठीण जाते.

सर्वांत बोलका तपशील मात्र उपमेचा नाही, कृतीचा आहे. ती दररोज उंबऱ्यावर एक फूल ठेवते आणि ती फुले जमिनीवर मांडून उरलेले महिने मोजते. अलकेत फूल हे काळाचे चिन्ह राहिलेले नाही. सहाही ऋतूंची फुले एका वेणीत मावतात, म्हणून कोणतेही फूल कोणताच दिवस सांगत नाही. तेच फूल तिने दिवस मोजण्यास वापरले. कालहीन नगरीच्या एका उंबऱ्यावर तिने स्वतःचे पंचांग तयार केले. तिकडे रामगिरीवर तो ऋतू मोजतो, इकडे ही फुले मोजते. या दोघांच्या दरम्यान अलकेचा बारमाही बहर मोडून पडतो.

म्हणूनच निरोपाच्या अखेरीस यक्ष जे आश्वासन देतो ते आम्हांस सबंध काव्याची किल्ली वाटते. शाप सरला की, मनात साठलेल्या साऱ्या इच्छा आपण शरदाच्या परिपक्व चांदण्यातील रात्री पुऱ्या करू, असे तो सांगतो. शरदाच्या? अलकेत तर रात्र नेहमीच चांदण्याची! एक वर्षापूर्वीच्या यक्षाने ‘चांदण्यात’ एवढेच म्हटले असते. आता त्यास चांदणेही ऋतूचे हवे आहे, चार महिने पाऊस सोसून आलेले, पिकलेले हवे आहे. रामगिरीवरून तो अलकेस काही नेत असेल, तर हा ऋतू नेत आहे.

हे वर्णन कवीचे नसून यक्षाचे आहे, हेही ध्यानात ठेवावे. अलकेचे सगळे वैभव त्याच्या तोंडून येते. मेघाने ते अजून पाहिलेले नाही, आपणही नाही. प्रेमाने व्याकूळ झालेल्यास चेतन-अचेतनाचा विवेक राहत नाही, अशी सूचना कवीने प्रारंभीच देऊन ठेवली आहे. अलकेचा बारमाही बहर हे घरापासून दूर असलेल्या मनुष्याच्या आठवणीचे हवामान आहे. कालिदासाने ते ठळक का केले नाही, याचे कारण हेच. ते तसेच सत्य मानून वाचकाने स्थिरावावे, अशी त्याची इच्छा नव्हती.

त्याच्या इतर कृतींतही अवेळच्या ऋतूवर त्याचा असाच अविश्वास आढळतो. कुमारसंभवाच्या तिसऱ्या सर्गात मदन शिवाच्या तपोवनात अकाली वसंत आणतो. त्याचा शेवट मदनाच्या भस्मात होतो. शाकुंतलाच्या सहाव्या अंकात दुष्यंताच्या दुःखाने वसंतोत्सव बंद होतो, तेव्हा आंब्याचा मोहर आणि कोकिळेचा कंठही अडून राहतात. ऋतू रेटून आणला तरी अनर्थ, अडवून धरला तरी अवकळा. त्यास त्याच्या पायाने येऊ द्यावे, हे या कवीचे धोरण आहे.

६

एवढे विवेचन केवळ कालिदासाच्या कौतुकासाठी केले असते, तर ते येथे थांबवता आले असते. पण त्याचा संबंध आपल्या पानांशी पोहोचतो.

आम्ही जेथून हे लिहीत आहोत ते बंगळूर शहर मराठी मंडळींत अलकेसारख्या हवेबद्दल प्रसिद्ध आहे. समुद्रसपाटीपासून सुमारे ९०० मीटरांवरील या शहरास वर्षभर कोठे ना कोठे फूल असते, आणि त्यामागे योजनाही आहे. बडोद्यास सयाजीराव गायकवाडांच्या पदरी काम करून १९०८ मध्ये म्हैसूर संस्थानात आलेला क्रुंबीगेल हा जर्मन उद्यानतज्ज्ञ लालबागेचा प्रमुख झाला. एका झाडाचा बहर ओसरला की दुसऱ्याचा सुरू व्हावा, अशा क्रमाने रस्त्यांवर झाडे लावण्याची कल्पना त्याची. पुढील पिढ्यांनी तीत भर घातली. टॅबेबुया, जॅकरांडा, गुलमोहर, बुच यांनी वाटून घेतलेले हे वर्ष ज्यांनी पाहिले असेल, त्यांस मनुष्याने हाताने घडवलेली अलका पाहिल्याचा भास झाला असेल. पण क्रुंबीगेलची योजना आणि अलका यांत एक भेद आहे, आणि तोच महत्त्वाचा. त्याची झाडे एका वेळी फुलत नाहीत, पाळीने फुलतात. तो काळ नाहीसा करीत नाही, काळाला फुले वाटून देतो.

तरीही आपल्या बैठकींत ‘इथे ऋतूच नाहीत हो’ हे वाक्य हमखास ऐकू येते. वस्तुतः येथे ऋतू आहेत. ते आपल्या पंचांगात बसत नाहीत, एवढेच. आंब्याच्या दिवसांत वळवाच्या सरी येतात, नैर्ऋत्य मोसमी पाऊस येतो आणि दसऱ्यानंतर, आपल्याकडे आकाश निवळले असताना, येथे पुन्हा पाऊस लागतो. एप्रिल २०१६ मध्ये याच शहराने ३९.२ अंशांचा पारा पाहिला आणि २०२४ च्या उन्हाळ्यात पाण्याच्या टँकरची वाट पाहिली. ज्याला येथे ऋतू दिसत नाहीत, तो येथे राहत नाही. त्याचे हंस पुष्करिणीतच आहेत.

याच वृत्तीची दुसरी बाजू आमच्या अंकांतील कवितांत उमटते. परप्रांतातील मराठी मासिकांकडे येणाऱ्या गावाकडच्या आठवणींच्या कविता पुष्कळांनी वाचल्या असतील. त्यांत एका कडव्यात गुढी उभी असते, दुसऱ्यात श्रावणाची रिमझिम, तिसऱ्यात कोजागरीचे दूध आणि चौथ्यात हुरड्याची शेकोटी. आणि हे सारे बहुधा एकाच संध्याकाळी, एकाच अंगणात घडत असते. विहीर नेहमी भरलेली, आई नेहमी ओसरीवर, आंबा नेहमी पाडाला आलेला. अलकेच्या स्त्रियांनी सहा ऋतूंची फुले माळली, तशी ही कविता सहा सण माळते. तिचा जिव्हाळा खोटा नाही. पण तिचे हवामान खोटे आहे. महाराष्ट्रात आंबोलीस वर्षाला सहा-सात हजार मिलिमीटर पाऊस कोसळतो आणि माण तालुक्यात पाचशेही मुश्किलीने पडतो. १९७२ च्या दुष्काळात याच प्रांतातील माणसे खडी फोडावयास गेली. ज्या गावास पाऊस चुकत नाही, ज्या घरात कोणी म्हातारे होत नाही, ते गाव कोणत्याही जिल्ह्यात नाही. ते अलकेत आहे.

आणि याचे नुकसान केवळ कवितेचे नाही. आपण दूर बसून घराचे हवामान गोठवतो, तेव्हा घरी राहिलेल्यांवर अन्याय करतो. तेथे प्रत्यक्ष वर्षे उलटत असतात, विहीर आटत असते, ओसरीवरचे माणूस थकत असते. आणि आपल्या कवितेत मात्र ते नित्य चांदण्यात बसलेले असते. यक्षाचे मोठेपण असे की, नगरीचे वर्णन करताना तो भुलला, पण पत्नीचे वर्णन करताना भुलला नाही. ती पूर्वीसारखीच सुंदर असेल, असे त्याने मेघास सांगितले नाही. ती बदलली असेल, वाळली असेल, ओळखू येणार नाही, असे त्याने आधीच बजावले. प्रेमाची खूण त्याच्या या वाक्यात आहे; कल्पवृक्षाच्या वर्णनात नाही.

आमच्या कवींनी अलका लिहू नये, असे आम्ही म्हणत नाही. आठवणीस बहर हा येणारच. परंतु त्या बहरात एखादे घर तरी असे असावे, जेथे उंबऱ्यावर फुले मोजून मांडलेली आहेत. आणि त्याआधी, ज्या रामगिरीवर आपली नेमणूक झाली आहे तेथील जांभळे केव्हा पिकतात, नदी केव्हा रोडावते, हेही एकदा नीट पाहिलेले असावे. पूर्वमेघ न लिहिता उत्तरमेघाकडे वळणाऱ्यांची कविता आम्हांस फिकी वाटते ती याचसाठी. पुढील अंकासाठी लेखणी उचलणाऱ्यांनी प्रथम आपल्या खिडकीबाहेर आज कोणते झाड फुलले आहे, त्याचे येथील लोकांच्या तोंडचे नाव काय आणि तो बहर किती दिवस टिकणार, एवढे जरी टिपून ठेवले, तरी पुष्कळ झाले.